अर्धे अंग गेले, पण संकल्प राहिला

अर्धांगवायूतून वाचलेली एखादी व्यक्ती आपल्या घरात किंवा शेजारी असेल. हात हलत नाही, शब्द सापडत नाही, तेव्हा तिला एकच प्रश्न छळतो : आता मी कोण उरलो? फ्रान्सचे थोर शास्त्रज्ञ लुई पाश्चर यांच्यावरही ही वेळ आली होती.

१९ ऑक्टोबर १८६८. पाश्चर तेव्हा ४५ वर्षांचे होते. सकाळपासून डाव्या अंगाला मुंग्या येत होत्या. तरीही ते पॅरिसच्या विज्ञान अकादमीत जाऊन निबंध वाचून आले. रात्री वाचा बंद पडली आणि डावी बाजू लुळी झाली. ते जगणार नाहीत असे समजून त्यांच्यासाठी चाललेले नव्या प्रयोगशाळेचे बांधकामही थांबवण्यात आले!

पण आठवडाभरातच त्यांनी अंथरुणात पडल्या पडल्या रेशीमकिड्यांच्या रोगावरील टिपण सांगून लिहून घेतले. तीन महिन्यांनी ते त्याच कामासाठी दक्षिण फ्रान्सला गेले.

डावा हात मात्र पूर्ववत झाला नाही. पायही आयुष्यभर ओढत राहिला. नाजूक प्रयोगांना दोन्ही हात लागतात. आजवर स्वतःच्या हाताने केलेली कितीतरी कामे आता सहकाऱ्यांवर सोपवावी लागली. विचार आणि निरीक्षण पाश्चरांचे, हात दुसऱ्यांचे! त्यांची सर्वांत मोठी लोकसेवा याच काळातली आहे. १८८१ मध्ये जनावरांच्या काळपुळी रोगावरील लस यशस्वी ठरली. १८८५ मध्ये पिसाळलेल्या कुत्र्याने चावलेल्या नऊ वर्षांच्या जोसेफ मायस्टरचे प्राण वाचले. ती लस पाश्चरांची होती, टोचली मात्र डॉ. ग्रांशे यांनी.

१८८७ मध्ये पुन्हा झटका आला आणि बोलणे अवघड झाले. पुढच्या वर्षी पाश्चर संस्थेचे उद्घाटन झाले, तेव्हा त्यांचे भाषण मुलाने वाचून दाखवले. पहिल्या झटक्यानंतर ते जवळजवळ २७ वर्षे जगले.

प्रत्येक रुग्ण इतका सावरेल असे नाही. पण शरीर हे साधन आहे, ते वापरणारा त्याहून वेगळा आहे, हे या जीवनातून स्पष्ट दिसते. म्हणून घरातल्या अशा माणसाला केवळ औषध आणि जेवण देऊन थांबू नका. त्याचा सल्ला विचारा, त्याला जमेल ते काम सोपवा आणि जे त्याला जमत नाही, तिथे आपण त्याचा हात बना.