राजवाड्याबाहेरचा कुंचला

इंदूरचा सात मजली राजवाडा १९८४ च्या दंगलीत आगीच्या भक्ष्यस्थानी पडला. पुढे त्याची डागडुजी झाली. परंतु ज्या सत्तेचे ते आसन होते, ती केव्हाच इतिहासजमा झाली होती. होळकर दरबाराने चित्रकलेला आश्रय दिला. इंदूरच्या कलाशाळेत देवळालीकरांच्या हाताखाली बेंद्रे, हुसेन यांच्यासारखे चित्रकार घडले. मात्र धन्यालाच हसणारा कुंचला सहसा कोणत्याही दरबाराला परवडत नाही. १९२५ साली मलबार हिलवर बावला यांचा खून झाला आणि पुढच्याच वर्षी तुकोजीराव होळकरांना गादी सोडावी लागली. हे प्रकरण गाजले ते मुंबईच्या वृत्तपत्रांतून.

तरीही मराठी व्यंगचित्राचे एक आद्य प्रवर्तक शं. वा. किर्लोस्कर वाढले ते एका संस्थानाच्याच भूमीत. १८९१ साली सोलापुरात जन्मलेल्या शंकररावांनी चित्रकलेचे धडे घेतले ते लाहोरला, पंडित सातवळेकरांकडे. सातवळेकर मूळचे सावंतवाडी संस्थानातल्या कोलगावचे. म्हणजे आपल्या शेजारचेच. शंकररावांचे चुलते लक्ष्मणराव यांनी १९१० मध्ये औंध संस्थानात कारखाना उभारला होता. तेथील अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार होते आणि १९३९ मध्ये त्यांनी प्रजेला स्वराज्याची घटना दिली. कारखान्याची खबरबात देण्यासाठी १९२० साली निघालेल्या मासिकाला शंकररावांनी समाजसुधारणेचे व्यासपीठ बनविले. १९३० मध्ये 'स्त्री' आणि १९३४ मध्ये 'मनोहर' ही त्याची भावंडे निघाली. रत्नागिरीत स्थानबद्ध असलेल्या सावरकरांचे अंधश्रद्धेवर आसूड ओढणारे निबंध 'किर्लोस्कर'नेच छापले.

शंकररावांच्या टाकाचा रोख एखाद्या राजापेक्षा रूढीवर अधिक होता. बुवाबाजी, अस्पृश्यता, विजोड विवाह यांच्यावर त्यांनी रेषांनी प्रहार केले. ही लढाई राजकीय व्यंगचित्राहून सोपी होती, असे कोणी समजू नये. मंत्र्याची टर उडविली की वाचक टाळ्या पिटतो; त्याच्या देवघरातल्या आणि माजघरातल्या अन्यायावर बोट ठेवले की तोच वाचक वर्गणी बंद करतो. शंकररावांनी हा धोका पत्करला. त्यांच्या पाठीशी घरचा कारखाना होता, हे खरे. पण पाठबळ असूनही आपल्याच माणसांना न दुखविण्याची खबरदारी घेणारे संपादक काय थोडे असतात?

१ जानेवारी १९७५ रोजी शंकरराव निवर्तले. आता राजे नाहीत, संस्थाने नाहीत. लोकशाहीत वाचक हाच राजा. राजवाड्याबाहेर उभा राहून चित्रकार आजही आपले काम करील. प्रश्न एवढाच आहे की, स्वतःचे वेडेवाकडे प्रतिबिंब पाहून हसण्याइतका उमदेपणा ह्या नव्या राजापाशी आहे काय? तो नसेल, तर दोष कुंचल्याचा नव्हे.