विशारद परीक्षा देताय? त्यामागचे पलुसकर कोण होते, जाणून घ्या

नेरे असो की पनवेल शहर, गाण्याच्या किंवा तबल्याच्या क्लासला जाणारे मूल घरात असेल तर प्रारंभिक, प्रवेशिका, मध्यमा, विशारद हे शब्द कानावर पडतातच. या परीक्षा घेणाऱ्या अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळाचे कार्यालय जवळच, वाशीत आहे. पण गाण्याला वर्ग, अभ्यासक्रम आणि परीक्षा ही चौकट मिळाली कशी? त्यासाठी पंडित विष्णू दिगंबर पलुसकर यांचे आयुष्य पाहावे लागेल.

गाण्याकडे कसे वळले?
जन्म 18 ऑगस्ट 1872, कुरुंदवाड. वडील कीर्तनकार. लहानपणी फटाक्याने डोळ्यांना इजा झाली आणि शाळा सुटली. मग मिरजेत ग्वाल्हेर घराण्याचे बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर यांच्याकडे तालीम सुरू झाली.

मिरज का सोडली?
तेव्हा गायक दरबारावर अवलंबून असत आणि समाजात त्यांना फारसा मान नव्हता. एका समारंभाचे आमंत्रण आपल्याला आले, गुरूंना मात्र आले नाही, हे पलुसकरांना लागले, असे सांगितले जाते. 1896 मध्ये ते बाहेर पडले. गावोगावी फिरून त्यांनी तिकीट लावून जाहीर मैफली केल्या. गाणे दरबारातून लोकांपर्यंत आले.

नवे काय केले?
5 मे 1901 रोजी लाहोरमध्ये त्यांनी गांधर्व महाविद्यालय सुरू केले. खर्च संस्थानिकाच्या तिजोरीतून नव्हे, तर देणग्या आणि मैफलींच्या कमाईतून चाले. त्यांनी स्वरलिपी बसवली, पुस्तके छापली. घराण्याबाहेरच्या मुलांनाही गाणे शिकता येऊ लागले.

मग संस्था बुडाली का?
1908 मध्ये ते मुंबईत आले. इथे कर्ज काढून मोठी इमारत उभारली. मैफलींच्या पैशातून हप्ते फेडायचे, असे गणित होते. ते जमले नाही. 1920 च्या दशकात इमारतीचा लिलाव झाला. पलुसकर नाशिकला रामनामात रमले. 21 ऑगस्ट 1931 रोजी मिरजेत त्यांचे निधन झाले.

मागे काय उरले?
इमारत गेली, पण शिष्य होते. ओंकारनाथ ठाकूर, विनायकराव पटवर्धन, नारायणराव व्यास, बी. आर. देवधर ही त्यातली मोठी नावे. गुरूंच्या निधनानंतर त्याच वर्षी शिष्यांनी अहमदाबादेत मंडळ स्थापन केले. आज घरातले मूल परीक्षेला बसते, ते त्याच मंडळाच्या.