नांगर ते पंप : लक्ष्मणराव किर्लोस्करांची वाटचाल

बीड जिल्ह्यातील आष्टी तालुका हा अवर्षणप्रवण प्रदेश. विहिरीच्या तळाशी उरलेले पाणी वर कसे आणायचे, हा तिथल्या शेतकऱ्यापुढचा जुना प्रश्न. कधी मोटेने, कधी तेलाच्या इंजिनाने, कधी विजेने त्याने तो सोडविला आणि आता सौरऊर्जेच्या आधाराने सोडवू पाहत आहे. ऊर्जा बदलत गेली, तरी पाणी उचलणारा केंद्रोत्सारी पंप कायम राहिला. तो महाराष्ट्राच्या मातीत घडविणाऱ्या कारखान्याचा पाया घातला, तो चित्रकार होण्यासाठी मुंबईला गेलेल्या एका तरुणाने.

लक्ष्मण काशिनाथ किर्लोस्कर यांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर येथे झाला. वडील वेदान्ताचे व्यासंगी. मुलाचे मन मात्र पुस्तकांपेक्षा चित्रांत आणि यंत्रांत अधिक रमे. १८८५ मध्ये ते मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले. पण दोन वर्षांतच आपल्याला काही रंगांतला फरक ओळखता येत नाही, हे त्यांच्या ध्यानात आले. चित्रकाराचे स्वप्न तिथेच संपले. रंग सुटले, तरी रेषा सुटली नाही. यांत्रिक रेखाचित्रणाचे शिक्षण घेऊन ते व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये शिक्षक झाले. मोकळ्या वेळात संस्थेच्या कर्मशाळेत उभे राहून त्यांनी यंत्रे उघडली, जोडली आणि समजून घेतली. पुढे हक्काची बढती डावलली गेली, तेव्हा त्यांनी नोकरी सोडली आणि बेळगाव गाठले.

बेळगावात थोरले बंधू रामूअण्णा यांच्या साथीने सायकलींचे दुकान १८८८ पासूनच सुरू होते. सायकलींच्या विक्री-दुरुस्तीतून भांडवल जमले आणि त्यातून छोटा कारखाना उभा राहिला. कडबा कापण्याचे यंत्र तयार झाले. मग लक्ष्मणरावांनी हात घातला तो लोखंडी नांगराला. लाकडी नांगर जमीन केवळ ओरबाडतो. लोखंडी नांगर तिची खोलवर उलथापालथ करतो आणि हरळी-कुंद्याची मुळे वर काढतो, हे त्यांना पटले होते. शेतकऱ्याला ते पटवणे मात्र कठीण होते. लोखंडाने जमीन विषारी होते, असा त्या काळी समज होता. पहिले नांगर खपायलाच सुमारे दोन वर्षे लागली.

दुसरी अडचण धातूची होती. बिडाचा फाळ मऊ झाला तर लवकर झिजतो, फार कठीण झाला तर दगडावर आपटून तुटतो. शेतकरी हा फार कठोर परीक्षक. त्याच्या शेतात तुटलेला एक फाळ दहा गिऱ्हाइके तोडतो. ओतकामातील हा तोल साधणे हीच लक्ष्मणरावांची खरी प्रयोगशाळा ठरली.

धंदा जम धरत असतानाच बेळगावची जागा रिकामी करण्याची वेळ आली. नगरपालिकेला तिथे नवी वस्ती वसवायची होती. अशा वेळी औंध संस्थानचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी कुंडल रोड स्थानकाजवळची ३२ एकर जमीन आणि दहा हजार रुपयांचे बिनव्याजी कर्ज दिले. निवडुंग आणि नागांनी भरलेल्या त्या माळावर १० मार्च १९१० रोजी काम सुरू झाले. पंचवीसेक कामगार व त्यांची कुटुंबे तिथे राहायला आली. रामूअण्णांनी वसाहतीची आखणी केली, शंभूअण्णा जांभेकर यांनी यंत्रशाळा सांभाळली, तर मंगेशराव रेगे यांनी कचेरीचा व्याप उचलला. अस्पृश्यता पाळायची नाही, हा वाडीचा दंडक होता. किर्लोस्करवाडी जन्माला आली ती अशी.

पहिल्या महायुद्धाने परीक्षा पाहिली. परदेशी कच्चे लोखंड आणि कोक मिळेनासे झाले. लक्ष्मणरावांनी दगडी कोळशाऐवजी लाकडी कोळसा वापरून पाहिला. जुन्या तोफा विकत घेऊन वितळवल्या आणि एके काळी युद्धाला जुंपलेले ते लोखंड नांगराच्या रूपाने शेतात आले. १९२० मध्ये किर्लोस्कर ब्रदर्स ही मर्यादित कंपनी झाली. त्याच दशकात, १९२६ साली, केंद्रोत्सारी पंपांची निर्मिती सुरू झाली. नांगराने जमीन खोल केली होती. आता पाणी वर येणार होते.

पुढची पिढी तोवर तयार होत होती. चिरंजीव शंतनुराव अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीतून अभियंता होऊन परतले. १९४६ मध्ये पुण्यात किर्लोस्कर ऑइल इंजिन्स स्थापन झाली आणि पंपाला घरचे इंजिन मिळाले. मात्र १९४८ मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीची झळ किर्लोस्करवाडीलाही बसली. आयुष्याच्या संध्याकाळी स्वतः वसविलेला कारखाना जळालेला पाहण्याचा प्रसंग लक्ष्मणरावांवर आला. वाडी मात्र राखेतून पुन्हा उभी राहिली.

२६ सप्टेंबर १९५६ रोजी त्यांचे निधन झाले. १९६९ मध्ये जन्मशताब्दीनिमित्त टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तिकीट काढले. पण त्यांची खरी ओळख तिकिटाहून मोठी आहे. आधी धातू समजून घ्यायचा, मग यंत्र घडवायचे आणि ते गरजवंत शेतकऱ्यापर्यंत पोहोचवायचे, हा त्यांनी घालून दिलेला क्रम. आज आष्टीच्या शिवारात सौर पंप बसविणाऱ्यालाही तो चुकवता येत नाही. ऊर्जा सूर्याची असो वा बैलाची, शेतात न टिकणारे यंत्र शेतकऱ्याच्या उपयोगाचे नसते, हे लक्ष्मणरावांनी शंभर वर्षांपूर्वीच ओळखले होते.