तळघरातून भविष्यकाळाकडे

काळयंत्र म्हणजे काय, हे आजच्या वाचकाला समजावून सांगावे लागत नाही. कथा-कादंबऱ्या, चित्रपट आणि दूरचित्रवाणी मालिकांनी ही कल्पना घरोघरी पोहोचवली आहे. यंत्रावर बसावे, कळ दाबावी आणि हव्या त्या शतकात उतरावे! ही कल्पना जगभर रूढ करणारे इंग्रज लेखक हर्बर्ट जॉर्ज वेल्स यांना मात्र ऐन तारुण्यात स्वतःच्या आयुष्याचीच शाश्वती नव्हती. काळावर स्वार होणारे यंत्र त्यांनी कल्पिले, ते आपल्यापाशी फार काळ उरलेला नाही अशी धास्ती मनात असताना.

वेल्स यांचा जन्म २१ सप्टेंबर १८६६ रोजी केंट परगण्यातील ब्रॉम्ली येथे झाला. वडील जोसेफ हे चिनी मातीची भांडी आणि क्रिकेटचे साहित्य विकत. दुकान जेमतेम चाले. घराला खरा आधार होता तो वडिलांच्या गोलंदाजीचा. केंटकडून खेळताना १८६२ साली त्यांनी ससेक्सचे चार फलंदाज लागोपाठच्या चार चेंडूंवर बाद केले होते. १८७७ मध्ये मांडीचे हाड मोडले आणि त्यांची क्रिकेटची कमाई कायमची थांबली. दुकानाखालच्या तळघरातील स्वयंपाकघर हेच या कुटुंबाचे विश्व होते.

पुढे आई सारा ससेक्समधील अपपार्क या जमीनदाराच्या वाड्यात नोकरांवर देखरेख करण्यासाठी रुजू झाल्या. तेथील ग्रंथालयाने मुलाला प्लेटो आणि स्विफ्ट यांची ओळख करून दिली. त्याच वाड्याखाली भुयारे होती. नोकरचाकरांनी त्या भुयारांतून ये-जा करायची आणि वर मालकांनी प्रकाशात वावरायचे, ही तेथील रीत. मुलाच्या मनावर ती कोरली गेली.

साउथसी येथील कापड दुकानात त्यांना उमेदवारीला ठेवण्यात आले. दिवसाकाठी तेरा तास काम आणि रात्री इतर उमेदवारांबरोबर एकाच खोलीत निजणे. या जिण्याला कंटाळून एका रविवारी ते उपाशीपोटी सतरा मैल चालत आईकडे गेले आणि आपली सुटका करावी म्हणून हटून बसले. अखेर १८८३ मध्ये मिडहर्स्टच्या शाळेत त्यांना शिकण्याची आणि शिकवण्याची संधी मिळाली. पुढच्याच वर्षी शिष्यवृत्ती मिळवून ते लंडनच्या विज्ञान विद्यालयात थॉमस हेन्री हक्सली यांच्यासमोर विद्यार्थी म्हणून बसले. उत्क्रांती म्हणजे प्रगतीची हमी नव्हे, जीवजात खालावूही शकते, हा धडा त्यांनी तेथे घेतला. काळ ही चौथी मिती आहे, ही चर्चाही विद्यार्थ्यांच्या वादसभेतच त्यांच्या कानी आली. १८८८ साली विद्यालयाच्या मासिकात त्यांनी काळप्रवासाची एक अपुरी कथा लिहिली. यंत्राने काळ ओलांडण्याची कल्पना त्याआधी, १८८७ साली, स्पॅनिश लेखक एन्रिके गास्पार यांनीही मांडली होती.

दरम्यान वेल्समधील एका शाळेत शिकवत असताना फुटबॉलच्या मैदानावर त्यांच्या मूत्रपिंडाला जबर मार बसला. पाठोपाठ तोंडावाटे रक्त पडू लागले आणि क्षयाची शंका व्यक्त झाली. १८९३ मध्ये पुन्हा रक्तस्राव झाला. शिकवणे सोडावे लागले आणि लेखणी हेच पोटाचे साधन उरले.

संपादक विल्यम हेन्ली यांनी जुन्या कथेला नवे रूप देण्यास सांगितले. १८९४ च्या उन्हाळ्यात सेव्हनओक्स येथील भाड्याच्या घरात, खिडकीपाशी रॉकेलच्या दिव्याखाली वेल्स लिहीत बसत. बाहेर घरमालकीण दिवा फार वेळ जळतो म्हणून शेजारणीकडे कुरकुर करी. मासिकातील प्रसिद्धीसाठी शंभर पौंड मिळाले आणि १८९५ मध्ये ‘द टाइम मशीन’ पुस्तकरूपाने बाहेर पडले.

निकेल, हस्तिदंत आणि स्फटिक यांचे ते यंत्र कसे चालते, हे वेल्स यांनी फारसे उलगडलेले नाही. त्यांना नायकाला न्यायचे होते ते इसवी सन ८,०२,७०१ मध्ये. तेथे भूमीवर बागडणारे, नाजूक आणि बुद्धी हरवलेले एलॉय आहेत. भूमीखाली यंत्रे चालवणारे मॉरलॉक आहेत आणि रात्री वर येऊन ते एलॉयना भक्ष्य करतात. मालक आणि मजूर यांच्यातील दरी रुंदावतच गेली, तर एका मानवजातीच्या दोन जाती होतील, हा या कादंबरीचा इशारा आहे. अपपार्कची भुयारे आणि कापड दुकानातील तेरा तास त्यामागे उभे आहेत.

विज्ञानाने पुढे या कल्पनेची अर्धी बाजू उचलून धरली. आइन्स्टाइन यांचा विशेष सापेक्षतेचा सिद्धान्त १९०५ मध्ये आला आणि १९०८ मध्ये मिन्कोव्स्की यांनी अवकाश व काळ यांना एकाच चौमितीय पटात गुंफले. प्रचंड वेगाने जाणाऱ्याचा काळ मंदावतो, म्हणजेच भविष्याकडे झेप घेणे तत्त्वतः शक्य आहे. भूतकाळाकडे परतण्याची वाट मात्र कुणाला सापडलेली नाही.

मृत्यूची भीती खोटी ठरली. वेल्स आणखी अर्धशतक जगले, त्यांनी अमाप लिहिले आणि लेनिन व स्टॅलिन यांच्याशी समोरासमोर चर्चा केली. १९१४ च्या एका कादंबरीत त्यांनी अणुबाँबची कल्पना केली होती. १९४५ च्या ऑगस्टमध्ये हिरोशिमावर खरा बाँब पडला, तेव्हा वृद्ध वेल्स लंडनमध्ये हयात होते. स्वतः रंगवलेले भविष्य वर्तमान होऊन आलेले त्यांनी पाहिले. १३ ऑगस्ट १९४६ रोजी त्यांचे निधन झाले.

कादंबरीचा नायक अखेरीस पुन्हा यंत्रावर स्वार होतो आणि परतत नाही. त्याने आणलेली वार्ता तेवढी मागे राहते. ८,०२,७०१ हे साल अजून फार दूर आहे; पण एकाच इमारतीच्या वरच्या मजल्यावर आणि तळघरात दोन वेगळी आयुष्ये जगली जातात, तोवर वेल्स यांचा इशारा जुना होणार नाही.