औरंगजेबाला सात वर्षे झुंजवणारी राणी

चिकलठाण्याहून निघालेली आपली वेरूळ-खुलताबादची सहल आठवते ना? औरंगजेबाची कबर पाहिली, तो दख्खनेत कसा अडकून पडला हे सरांनी सांगितले. शेवटची सात वर्षे त्याला अडकवून ठेवणारी कोण, हे मला मात्र नोकरी संपत आल्यावर वाचनातून कळले. म्हणून महाराणी ताराबाईंविषयी या चार ओळी.

जन्म १६७५ चा. सरनोबत हंबीरराव मोहित्यांची लेक, छत्रपती राजारामांची राणी. मार्च १७०० मध्ये राजाराम महाराज सिंहगडावर वारले, तेव्हा त्या पंचवीस वर्षांच्या होत्या. मुलगा शिवाजी चार वर्षांचाही नव्हता आणि साताऱ्याच्या किल्ल्याला खुद्द बादशहाचा वेढा होता. त्यांनी मुलाला गादीवर बसवले आणि कारभार हाती घेतला.

त्यांचे युद्ध हिशेबी होते. किल्ला जमेल तितके दिवस लढवायचा आणि पावसाळा तोंडावर आला की रोख रक्कम घेऊन खाली करायचा. जून १७०२ मध्ये विशाळगड असाच दिला. परतताना सह्याद्रीच्या पावसात मोगली फौजेची दैना झाली. पुढे संधी साधून मराठे गेलेले किल्ले परत घेत. तिकडे धनाजी जाधवांसारखे सरदार बादशहाला मागे टाकून थेट गुजरातेत शिरले. मोगलांच्या बाजूने लिहिणाऱ्या खाफीखानानेही बाईंची कर्तबगारी मान्य केली आहे. १७०७ मध्ये औरंगजेब नगरजवळ थकून मेला.

त्यानंतर मोगलांनी शाहूंना सोडले, आणि धनाजींसह बरेच सरदार तिकडे गेले. ताराबाईंनी कोल्हापूरची गादी उभी केली, पण १७१४ मध्ये सवत राजसबाईंच्या बाजूने त्यांनाच पन्हाळ्यावर कैद केले. म्हातारपणी त्यांनीही रामराजाला साताऱ्याच्या किल्ल्यात डांबले. आधी त्याला आपला नातू म्हणून पुढे आणले होते त्यांनीच! हे झाकायचे कारण नाही. पण पुस्तकांनी भाऊबंदकीच तेवढी लक्षात ठेवली आणि ती सात वर्षे दोन ओळींत उरकली, हे मला खटकते.

पानिपत झाले त्याच वर्षी, डिसेंबर १७६१ मध्ये, त्या साताऱ्यात वारल्या. समाधी जवळच संगम माहुलीला आहे. खुलताबाद आपल्याला तासाभराचे. माहुलीला मुक्कामानेच जावे लागेल. मेळाव्यानंतर कोणी सहल काढत असेल, तर यादीत माझे नाव आधी लिहा.