परक्याचं ते सोनं, आपली ती माती?

माझी भाची आखातातल्या एका रुग्णालयात नर्स आहे. मागे सुट्टीवर आली तेव्हा सगळ्यांसाठी काही ना काही घेऊन आली. माझ्या वाट्याला आल्या चार साबणाच्या वड्या. केशरी रंगाच्या, पपईच्या. तिच्याबरोबर खोलीत राहणाऱ्या फिलिपिनो मैत्रिणीने आवर्जून दिलेल्या. या साबणाने रंग उजळतो म्हणे! त्या मैत्रिणीच्या घरातल्या सगळ्याजणी हाच वापरतात म्हणे.

मी वस्तीतल्या बायकांच्या बैठका घेते. रंगावरून मुलीची किंमत करू नका, हे आजवर किती वेळा सांगितलं असेल, मोजदाद नाही. पण खरं सांगायचं तर त्या वड्या मी कुणाला न सांगता न्हाणीघरात नेऊन ठेवल्या. आणि वापरल्याही!

गप्पांच्या ओघात भाचीने आणखी एक गोष्ट सांगितली. त्या मैत्रिणीच्या पेटीत एक छोटासा फोटो असतो. काळा युरोपियन कोट, नीट विंचरलेले केस, बारीक मिशा. तो कोण, तर त्यांचा राष्ट्रपुरुष. डोळ्यांचा डॉक्टर, कादंबरीकार, नाव होसे रिझाल. बी.ए.ला माझा इतिहास होता, पण हे नाव मी कधी ऐकलं नव्हतं. मग काय, मिळेल ते वाचत सुटले. आणि वाचता वाचता माझ्याच न्हाणीघरातली ती वडी मला टोचायला लागली.

फिलिपिन्सवर स्पेनने तीनशेहून अधिक वर्षं राज्य केलं. देशाचं नावसुद्धा स्पेनच्या फिलिप राजावरून पडलेलं. 1849 मध्ये तिथल्या क्लाव्हेरिया नावाच्या गव्हर्नरने फर्मान काढलं आणि छापील यादीतून लोकांना आडनावं वाटली, बहुतेक स्पॅनिश. सत्ता खऱ्या अर्थाने चालायची ती गावोगावच्या स्पॅनिश पाद्र्यांची. जमिनी त्यांच्या, शाळा त्यांच्या, पापपुण्याचा हिशेबही त्यांच्याच हातात. स्थानिक माणसाला ते ‘इंडियो’ म्हणायचे आणि त्या शब्दात हेटाळणी असायची.

अशा काळात, 19 जून 1861 रोजी लगूना प्रांतातल्या कलांबा गावी होसेचा जन्म झाला. अकरा भावंडांतला सातवा. नऊ बहिणी आणि पासियानो हा थोरला भाऊ. घर खातंपितं, पाद्र्यांच्या मालकीची जमीन खंडाने कसणारं. आई तेओदोरा अलोन्सो मनिलात शिकलेली, वाचनाची आवड असणारी. होसेला अक्षरओळख करून दिली ती तिनेच.

होसे दहा-अकरा वर्षांचा असेल, तेव्हा त्याच्या आईला अटक झाली. भावजयीवर विषप्रयोग करायला मदत केल्याचा खोटा आरोप. तिला कलांबाहून सांताक्रूझच्या तुरुंगापर्यंत, सुमारे 50 किलोमीटर, पायी चालवत नेलं. अडीच वर्षं ती माऊली आत होती. सुशिक्षित, मानी बाई, पण इंडियो ना! त्याच सुमारास, 1872 च्या फेब्रुवारीत, तीन देशी धर्मगुरूंना बंडाच्या आरोपाखाली मनिलात जाहीर देहदंड दिला गेला. त्यातले फादर बुर्गोस हे पासियानोचे गुरू. पासियानोचं नाव सरकारच्या डोळ्यात सलू लागलं, म्हणून धाकट्याला शाळेत घालताना घराण्याचं मेर्कादो हे नाव मागे ठेवून रिझाल हे आडनाव लावलं. तेच पुढे अजरामर झालं.

मनिलातल्या आतेनेओ शाळेत हा मुलगा पहिल्या रांगेत चमकला. 1880 मध्ये एका साहित्य स्पर्धेत त्याला पहिलं बक्षीस मिळालं. स्पर्धेत स्पॅनिश लेखकही होते आणि परीक्षकांना लेखकांची नावं ठाऊक नव्हती. विजेता एक इंडियो पोरगा आहे हे कळल्यावर सभागृहातल्या बऱ्याच स्पॅनिश मंडळींची तोंडं उतरली. काम पाहिलं तर पहिला नंबर, चेहरा पाहिला तर नापसंती!

पुढे आईची नजर अधू होत चालली, म्हणून होसेने डोळ्यांचा डॉक्टर व्हायचं ठरवलं. 1882 मध्ये तो स्पेनला गेला. माद्रिदमध्ये वैद्यकीचं शिक्षण घेतलं, मग पॅरिस आणि जर्मनीतल्या हायडेलबर्गला मोठमोठ्या नेत्रतज्ज्ञांच्या हाताखाली काम केलं. आणि एकीकडे कादंबरी लिहिली. ‘नोली मे तांगेरे’ 1887 मध्ये बर्लिनला छापली गेली, दोन हजार प्रती. छपाईला पैसे नव्हते; मॅक्सिमो व्हियोला या मित्राने ते दिले, म्हणून पुस्तक निघालं.

या कादंबरीत पाद्र्यांचे अत्याचार आहेत, मुलांसाठी वेडी झालेली सिसा आहे. पण मला सगळ्यात जास्त भेटली ती दोन्या विक्तोरिना. ही बाई इथलीच, याच मातीतली, पण स्वतःला युरोपियन समजणारी. चेहऱ्यावर पावडरीचे थर, खोट्या केसांच्या बटा, मोडकंतोडकं स्पॅनिश. नवरा हवा तर स्पॅनिशच, म्हणून पंचेचाळिशीत एका लंगड्या, कफल्लक स्पॅनिश माणसाशी लग्न केलं. वैद्यकीचा गंध नसलेल्या त्या बिचाऱ्याला डॉक्टर म्हणून मिरवलं. रागावली की ती त्याची कवळीच काढून घ्यायची! वाचताना हसू येतं आणि मग एकदम थांबतं. कारण ही बाई आपण कुठेतरी पाहिलेली असते. मी तर सकाळीच आरशात पाहिली होती.

समाजशास्त्रात याला मोठमोठी नावं आहेत. आपलंच सगळं श्रेष्ठ मानणं हा एक रोग आणि परक्याचंच सगळं श्रेष्ठ मानणं हा दुसरा. आपल्या आज्यांनी ते फार सोपं करून ठेवलंय. एकीकडे आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं, आणि दुसरीकडे पिकतं तिथं विकत नाही. गंमत म्हणजे दोन्ही रोग एकाच घरात सुखाने नांदतात. स्पॅनिश लोकांना पहिला रोग होता. त्यांनी इतकी वर्षं सांगितलं की तुम्ही आळशी, तुम्ही रानटी, की फिलिपिनो माणसाला दुसरा रोग जडला. त्याला ते खरंच वाटू लागलं.

रिझालने यावर इलाज शोधला तोही डॉक्टरसारखा. आधी रोगाचं मूळ पाहायचं. लंडनमध्ये असताना ब्रिटिश म्युझियममध्ये बसून त्याने आंतोनियो दे मोर्गा या स्पॅनिश अधिकाऱ्याचं 1609 मधलं पुस्तक हाताने उतरवून काढलं आणि टिपा घालून पॅरिसला छापलं. स्पॅनिश येण्याआधीही आमच्याकडे जहाजं बांधली जात होती, धातुकाम होतं, दूरवरचा व्यापार होता, हे त्याला आपल्या माणसांना दाखवायचं होतं. 1890 मध्ये फिलिपिनोंच्या तथाकथित आळसावर त्याने लेखमाला लिहिली. तिचा सारांश असा, की लोक जन्मतः आळशी नाहीत. वेठबिगार, लढायांमध्ये जाणारी माणसं, बंद पाडलेला व्यापार आणि कष्टाचं फळ दुसऱ्याने नेणं, यामुळे हातपाय गळून जातात. वस्तीत काम करताना कामचुकार म्हणून ज्यांच्याबद्दल ऐकते, ती घरं माझ्या डोळ्यांसमोर आली.

पण इथेच मला तो माणूस म्हणून जवळचा वाटला. कारण तोही चुकला. जुन्या काळाचं चित्र रंगवताना त्याने जरा जास्तच रंग भरला, असं त्याच्याच देशातल्या इसाबेलो दे लोस रेयेस या अभ्यासकाने म्हटलं. त्याचा जिवलग ऑस्ट्रियन मित्र ब्लूमेनट्रिट याने तर त्याच पुस्तकाच्या प्रस्तावनेत लिहिलं, की जुन्या माणसांना आजच्या मापाने मोजणं बरोबर नाही. रिझालने ती टीका तशीच छापली, हे विशेष. दुसऱ्या कादंबरीत, 1891 च्या ‘एल फिलिबुस्तेरिस्मो’मध्ये, त्याने किरोगा हा चिनी व्यापारी रंगवलाय तो चांगलाच कुचेष्टेने. त्याच्या स्वतःच्या वडिलांचे पूर्वज चीनमधून आलेले, तरीही! म्हणजे दुसऱ्याला कार्टं म्हणायचा मोह त्यालाही सुटला नव्हता.

पॅरिसच्या 1889 च्या जागतिक प्रदर्शनात त्याने अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांचे घोडेस्वारीचे खेळ पाहिले. आपल्या वेशात, ताठ मानेने उभी असलेली ती माणसं पाहून त्याने मित्रांचं एक मंडळ काढलं आणि त्याला नाव दिलं ‘इंडियोस ब्राव्होस’, म्हणजे शूर इंडियो. ज्या शब्दाने हिणवलं, तोच शब्द छातीवर बिल्ल्यासारखा लावला.

मैत्रिणींनो, आता जरा आपल्याकडे येते. मालोलोस या गावातल्या वीस तरुणींनी डिसेंबर 1888 मध्ये थेट गव्हर्नर जनरलच्या हातात अर्ज दिला. आम्हाला स्पॅनिश शिकायला रात्रीची शाळा काढू द्या! गावच्या पाद्र्याने विरोध केला, पण मुली हटल्या नाहीत. शेवटी काही अटींवर शाळा सुरू झाली. देल पिलार या सहकाऱ्याच्या सांगण्यावरून रिझालने फेब्रुवारी 1889 मध्ये लंडनहून या मुलींना लांबलचक पत्र लिहिलं. स्पॅनिशमध्ये नव्हे, त्यांच्या तागालोग भाषेत. पाद्री सांगतो तो धर्म असं समजू नका, स्वतःच्या बुद्धीने पारखा, आणि आई मान खाली घालून जगत असेल तर मुलं ताठ कशी होतील, असा त्याचा आशय.

मला गंमत वाटते ती अशी, की मुलींना हवी होती परकी भाषा. मग त्या दोन्या विक्तोरिनाच झाल्या का? नाही. विक्तोरिनाला स्पॅनिश हवं होतं आपल्या माणसांपासून दूर जायला. या मुलींना हवं होतं ते अर्ज लिहायला, कायदा समजून घ्यायला, उलट उत्तर द्यायला. परकं घेण्यात कमीपणा नाही. स्वतःला टाकून ते घेण्यात आहे. रिझाल स्वतः कोट घालायचा, कादंबऱ्या स्पॅनिशमध्ये लिहायचा, आणि भाचरांसाठी अँडरसनच्या परीकथा तागालोगमध्ये उतरवायचा.

1892 च्या जूनमध्ये तो धोका पत्करून मायदेशी परतला. 3 जुलैला त्याने ‘ला लिगा फिलिपिना’ ही संघटना काढली आणि चारच दिवसांत त्याला अटक झाली. मग मिंदानाओ बेटावरच्या दापितानला चार वर्षं हद्दपारी. तिथे दुसरा कुणी खचला असता. याने मुलांची शाळा काढली, गावात पाणी आणलं, रोग्यांना तपासलं. आईच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया तिथेच केली, आणि आईने सांगितलेलं न ऐकता पट्टी सोडली म्हणून हताशही झाला! आई शेवटी सगळीकडची सारखीच. हाँगकाँगहून आलेली जोसेफिन ब्रॅकन ही आयरिश वंशाची तरुणी तिथे त्याच्या आयुष्यात आली. त्याने आपलं लिखाण मागे घ्यावं ही चर्चची अट होती, म्हणून त्यांचं लग्न लागलं नाही. त्यांचं बाळ जन्मतःच गेलं.

1896 च्या ऑगस्टमध्ये कातिपुनान या गुप्त संघटनेचा उठाव झाला. रिझाल त्यात नव्हता. तो तर क्युबाला लष्करी डॉक्टर म्हणून निघाला होता. वाटेतूनच त्याला परत आणलं, खटल्याचा देखावा झाला. कागदावर त्याची नोंद चिनी वंशाचा अशी केली होती. ती त्याने दुरुस्त करायला लावली. मी इंडियो आहे, असं लिहा म्हणाला. मरण दारात असताना माणूस हे मागतो! 30 डिसेंबर 1896 रोजी मनिलाच्या मैदानात त्याला गोळ्या घातल्या. वय अवघं पस्तीस. आदल्या दिवशी भेटायला आलेल्या त्रिनिदाद या बहिणीला त्याने एक छोटा स्टोव्ह दिला. त्यात त्याची शेवटची कविता लपवलेली होती. बहिणींनीच ती जगापुढे आणली.

दोन वर्षांत स्पेन गेला आणि अमेरिका आली, तिने इंग्रजी शाळा उघडल्या. आता सोनं म्हणजे अमेरिकेचं! 1946 मध्ये देश स्वतंत्र झाला. 1956 मध्ये कायदा करून रिझालच्या कादंबऱ्या विद्यार्थ्यांना सक्तीच्या केल्या, तेव्हाही चर्चने विरोध केला. आणि तरीही, भाचीच्या मैत्रिणीच्या एकाच पेटीत रिझालचा फोटो आणि उजळ करणारा साबण शेजारी शेजारी!

मी तिला हसणार नाही. माझी ही भाची सावळी आहे. परदेशात रात्रपाळ्या करते, घर चालवते. तिच्या लग्नाची बोलणी करताना, मुलगी सावळी आहे पण नाकीडोळी नीटस आहे, हे वाक्य मीच चार ठिकाणी बोलले आहे. तो ‘पण’ मला कुणी शिकवला, आठवत नाही. परवा मी भाचीला फोन करून हे सांगितलं, माफी मागितली. ती क्षणभर गप्प झाली. मग म्हणाली, की तिने साबण आणला तो माझ्यासाठी नव्हताच खरा. स्वतःसाठी घेताना चार वड्या जास्त झाल्या होत्या.

उरलेली एक वडी आता कपडे धुवायच्या जागी पडली आहे. आणि येत्या रविवारी एक स्थळ यायचंय. मी तिथे असणार आहे, ‘पण’ न म्हणता.