पडद्यामागचा डोळा : रुडॉल्फ माते

चित्रपट पाहून बाहेर पडताना आपण नटनट्यांची नावे घेतो. फार तर दिग्दर्शकाचे. पण ज्याच्या डोळ्यांनी आपण तो चित्रपट पाहिला, त्या छायाचित्रकाराची आठवण कोण काढतो? हंगेरियन कलावंत रुडॉल्फ माते यांचे जीवन या दृष्टीने पाहण्यासारखे आहे.

ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यातील क्राकोव्ह शहरी १८९८ साली त्यांचा जन्म झाला. बुडापेस्ट विद्यापीठात शिकून ते अलेक्झांडर कोर्डा या दिग्दर्शकाच्या हाताखाली कॅमेऱ्याचे साहाय्यक झाले. पुढे बर्लिनला कार्ल फ्रॉइंड यांच्याजवळ त्यांनी उमेदवारी केली.

१९२८ साली कार्ल ड्रायर यांच्या 'द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क'ने त्यांची कला जगापुढे आणली. नटांना रंगभूषा नव्हती. फाल्कोनेत्ती या अभिनेत्रीचा चेहरा त्यांनी इतक्या जवळून टिपला की, मूकपट असूनही वेदना बोलू लागली. या चित्रपटाची मूळ निगेटिव्ह आगीत भस्मसात झाली. मात्र १९८१ साली नॉर्वेतील एका मनोरुग्णालयात त्याची जुनी प्रत सापडली! 'व्हॅम्पायर' (१९३२) साठी त्यांनी भिंगापुढे जाळीदार कापड धरून सारे दृश्य धूसर केले.

१९३५ च्या सुमारास माते हॉलिवूडला आले. १९४० ते १९४४ या वर्षांतील चित्रपटांसाठी त्यांना लागोपाठ पाच ऑस्कर नामांकने मिळाली. त्यांतील 'दॅट हॅमिल्टन वुमन' हा त्याच कोर्डांचा चित्रपट. पुरस्कार मात्र एकदाही पदरी पडला नाही. तरी ते थांबले नाहीत. १९४६ च्या 'गिल्डा'तील प्रकाशयोजना आजही वाखाणली जाते.

१९४७ पासून ते दिग्दर्शनाकडे वळले. 'डी.ओ.ए.' (१९५०) मध्ये विषप्रयोग झालेला माणूस स्वतःच्याच खुनाची फिर्याद द्यायला पोलिसांत जातो. त्यानंतर 'व्हेन वर्ल्ड्स कोलाइड' (१९५१) व 'द थ्री हंड्रेड स्पार्टन्स' (१९६२) हे चित्रपट आले. दिग्दर्शक म्हणून ते छायाचित्रकाराची उंची गाठू शकले नाहीत, असे मला वाटते. १९६४ साली त्यांचे निधन झाले.

आपल्यापैकी अनेकांच्या घरी आईवडील असेच पडद्यामागे राबत असतात. त्यांच्या कष्टांना पारितोषिक नसते; पण त्यांच्यामुळेच आपला चेहरा उजळतो. मात्यांची पाच हुकलेली पारितोषिके म्हणूनच मला पराभव वाटत नाहीत. जोनचा तो चेहरा अजून पडद्यावर जिवंत आहे, आणि त्यावरचा प्रकाश मात्यांचा आहे.

— द्वितीय वर्ष, बी.ए.